अशोक कुमार खडकीत राहतो

पुण्यातल्या खडकीत वाढलेल्या पोराला बाराखडीच्या आधी एक पाटी वाचता येते: ‘छायाचित्रणास मनाई आहे’. अॅम्युनिशन फॅक्टरीच्या भिंतीवर ती आहे, हाय एक्सप्लोझिव्हच्या भिंतीवर आहे आणि लष्कराच्या सॅपर्सच्या हद्दीत तर झाडांपेक्षा पाट्याच जास्त असाव्यात. १८६९ पासून इथे दारूगोळा तयार होतोय, तेव्हा पाटीचं कारण समजण्यासारखं आहे. गंमत अशी, की त्या भिंतीत फोटो काढण्याजोगं काहीच नाही. खाली शेवाळ, मधे पानाच्या पिचकाऱ्या, वर काचा. तरीही खडकीचा माणूस तिच्यासमोर खिशातून मोबाईल काढताना आधी इकडेतिकडे बघून घेतो. वरात त्या रस्त्याने निघाली असली, तर व्हिडिओवाल्याला चार काका एकदम ओरडतात, ‘‘अरे, तिकडे नको फिरवू! नवरदेवाकडे बघ!’’

कॅमेऱ्याच्या बाबतीत इतकं कायदा पाळणारं गाव शोधून सापडायचं नाही. आणि याच गावात शुक्रवारी लागलेला सिनेमा शनिवारी दुपारी, जेवणं आटोपल्यावर, हातात बडीशेप घेऊन, टीव्हीला पेनड्राइव्ह लावून बघितला जातो. कुणीतरी, कुठल्यातरी थिएटरात, मोबाईल छातीशी धरून पावणेतीन तास अवघडून बसला, म्हणून हे सुख घरी आलं. त्याच्यावर कुणाचा राग नाही. तक्रार असलीच तर एवढीच, की क्लायमॅक्सला मेल्याचा हात हलला.

खडकी बाजारात पायरसी कुणी करत नाही. बाजारात ‘प्रिंट येते’. नळाला पाणी यावं तशी ती येते; कोण सोडतं, कुठून सोडतं याची चौकशी नाही, फक्त प्रेशर कमी असलं की ओरड. प्रिंटच्या प्रतीही ठरलेल्या आहेत. सगळ्यात खालची ‘थिएटर प्रिंट’. तिच्यात सिनेमाबरोबर पुढच्या रांगेतल्या गृहस्थांचं टक्कल, मधेच लघवीला उठलेलं एक कुटुंब आणि विनोदांवर आलेला हशा एवढं सगळं फुकट मिळतं. हशा आला की आपणही हसतो, कारण संवाद ऐकू आलेलाच नसतो. तिच्यावरची ‘क्लिअर’. आणि सगळ्यात वरची ‘ओरिजिनल’, म्हणजे ओटीटीवर आल्यावर तिथून जशीच्या तशी उचललेली. आमच्या इमारतीतले फॅक्टरीतून रिटायर झालेले नाना या बाबतीत फार तत्त्वनिष्ठ आहेत. ‘‘मी डुप्लिकेट बघत नाही हो,’’ ते सांगतात. ‘‘थांबतो महिनाभर. ओरिजिनल आली की मगच घेतो.’’

नानांबद्दल गैरसमज नको. आयुष्यभर फॅक्टरीच्या गेटवर रोज संध्याकाळी झडती दिली त्यांनी, आणि त्यांच्या डब्यात कधी फॅक्टरीचा एक खिळा सापडला नाही. भाजीवालीने चुकून दहा रुपये जास्त दिले तर परत जातात. पण सिनेमा ही वस्तूच त्यांना वस्तू वाटत नाही. ‘‘मी बघितल्याने तो संपला का? आहे तिथेच आहे ना?’’ हा त्यांचा बिनतोड सवाल आहे, आणि तो टाकून ते चष्मा पुसतात, म्हणजे चर्चा संपली.

नानांच्या पिढीचं या विषयातलं शिक्षण पायरीपायरीने झालेलं आहे. १९८२च्या एशियाडने रंगीत टीव्ही आणला, त्याच्या मागोमाग रात्रीच्या भाड्याने व्हीसीआर आला. वर्गणी काढायची, तीन कॅसेटी आणायच्या आणि सकाळी परत करायच्या. पहिला सिनेमा सगळे बघायचे, दुसरा निम्मे, तिसरा कुणी बघितल्याची नोंद नाही, पण पैसे दिलेत म्हणून तो भिंतीला दाखवला जायचा. कॅसेट सुरू झाली की इंग्रजीत एक लांबलचक ताकीद यायची, ही प्रत अमुक कारणासाठी वापरू नये वगैरे. ती सेन्सॉरचं सर्टिफिकेट समजून सगळे शांतपणे बघायचे. एखादे आजोबा तर हातही जोडायचे.

मग नव्वदच्या दशकात केबलवाला आला. त्याने चोरीला समाजकार्याचं स्वरूप दिलं. रात्री साडेनऊला नवाकोरा सिनेमा आणि पडद्याच्या तळाशी सरकणारी पट्टी: मंडप, कॅटरिंग, शिवणक्लास, ‘बिल न भरलेल्यांची कनेक्शनं उद्या तोडली जातील’. नायिकेचा बाप मरायचा आणि तिच्या हनुवटीखालून मटण मसाल्याची जाहिरात निघून जायची. बिल थकलेल्यांची नावं पट्टीवर झळकली की सिनेमा बाजूला राहायचा आणि घराघरात खरा चित्रपट सुरू व्हायचा. त्यानंतर व्हीसीडी. तिने मध्यंतराची जागा दिग्दर्शकाकडून काढून घेतली, कारण पहिली तबकडी जिथे संपेल तिथे मध्यंतर. दुसऱ्या तबकडीवर दुसराच सिनेमा निघाला तरी लोक बघायचे. हिरो तोच असला की झालं.

पण कळस केला तो मेमरी कार्डाने. मोबाईल दुरुस्तीच्या टपरीवर ‘कार्ड भरून मिळेल’ अशी पाटी लागली, पीठ दळून मिळेल इतक्या निरागसपणे. पोरगा कार्ड घ्यायचा, जुन्या कॉम्प्युटरला लावायचा आणि विचारायचा, ‘‘काय टाकू?’’ गिऱ्हाईक म्हणायचं, ‘‘टाक काहीपण, बसेल तेवढं.’’ कॉम्प्युटरवर फोल्डर असायचे: ‘न्यू’, ‘न्यू न्यू’, ‘मराठी’, ‘भक्ती’ आणि सगळ्यात जाडजूड, ‘साउथ’. २०१६च्या एप्रिलअखेरीस ‘सैराट’ आला, तेव्हा गावोगावी थिएटराबाहेर ट्रॅक्टर भरभरून माणसं उतरत होती, आणि त्याच वेळी सिनेमा असल्या कार्डांतूनही पळत होता. शंभरेक कोटींचा गल्ला जमवलेल्या त्या पिक्चरला चोरीने काय फरक पडला, असं विचारणारे भेटतात. त्यांनी त्याच वर्षी आलेल्या आणि शंभर कोटी न जमवलेल्या मराठी सिनेमांच्या निर्मात्यांना एकदा चहाला बोलवावं. खर्च त्यांनीच करायचा, निर्मात्याकडे नसेल.

‘साउथ’चा फोल्डर खडकीत जाड असणार, हे इतिहासानेच ठरवून ठेवलंय. ५ नोव्हेंबर १८१७ला इथे पेशव्यांची इंग्रजांशी लढाई झाली, ती आपण हरलो. मग इंग्रजांची छावणी आली आणि छावणीमागोमाग मद्रास इलाख्यातून तमिळ, तेलुगू माणसं आली, ती पिढ्यान् पिढ्या इथलीच झाली. त्यामुळे खडकी बाजारात चार भाषांत उधारी मागता येते. बाकीच्या पुण्याला दाक्षिणात्य सिनेमा ‘बाहुबली’नंतर कळला असेल, आमच्याकडे तो शेजारच्या खिडकीतून ऐकू यायचा. रजनीकांतचा विषय निघाला की मराठी बाजू ठामपणे सांगायची, ‘‘आपलाच आहे तो. शिवाजीराव गायकवाड.’’ शेजारचे अण्णा नुसते हसायचे. अण्णा तेलुगू, त्यांचा जीव चिरंजीवीत, पण रजनीकांतबद्दल खडकीत कुणी वाद घालत नाही.

भाषा न कळण्याची अडचण डबिंगने सोडवली. १९९४ला ‘जुरासिक पार्क’ हिंदीत आला आणि डायनासोरपुढे धावणारा गोरा माणूस हिंदीत ओरडतो, हे थिएटराला पटलं. मग टीव्हीवर दुपारच्या दुपार दाक्षिणात्य डब सिनेमांनी ताब्यात घेतल्या. गोल्डमाइन्स या कंपनीने तेलुगू सिनेमांचे हिंदी हक्क घाऊक विकत घेतले आणि त्यांचं नव्याने बारसं करायला सुरुवात केली. नागार्जुनचा ‘मास’ झाला ‘मेरी जंग: वन मॅन आर्मी’. अल्लू अर्जुनचा ‘जुलायी’ झाला ‘डेंजरस खिलाडी’ आणि ‘रेस गुर्रम’चा ‘मैं हूँ लकी द रेसर’. ही नावं वाचून नाक मुरडणाऱ्यांना मी एवढंच सांगेन, की दुपारी दोनला, वरणभात खाल्लेल्या माणसाला, डोळे मिटायच्या आत थांबवायचं असेल तर ‘डेंजरस’ हा एक शब्द तरी लागतोच.

यातला मराठी हात मात्र फार थोड्यांना माहीत असतो. ‘पुष्पा’मध्ये अल्लू अर्जुन हिंदीत बोलतो तो श्रेयस तळपदेच्या आवाजात. त्याच्या आधीच्या कितीतरी डब सिनेमांत तोच अल्लू अर्जुन, आणि महेश बाबूसुद्धा, संकेत म्हात्रेच्या गळ्यातून बोलत आलाय. म्हणजे चित्र असं: तेलुगू हिरो, हिंदी संवाद, आवाज मराठी माणसाचा, ऐकणारा मराठी माणूस, आणि तेही चोरून. त्या आवाजाची मजुरी ज्या तिकिटातून निघते ते तिकीट आपण काढत नाही, आणि चार लोकांत अभिमानाने सांगतो की आवाज आपल्या माणसाचा आहे. २०२४च्या डिसेंबरात आलेल्या ‘पुष्पा २’च्या हिंदी डबने तर मूळ तेलुगूपेक्षा जास्त गल्ला भरला. तिकीट काढणारे आहेत, एवढाच याचा अर्थ. ते कुठे राहतात कोण जाणे.

आता या सगळ्यातली खरी गंमत. ज्या डब सिनेमांसाठी आमचे लोक टेलिग्रामच्या गल्लीबोळांतून फिरतात, त्यातले ढिगाने सिनेमे राजरोस फुकट उपलब्ध आहेत. गोल्डमाइन्सची यूट्यूब वाहिनी आहे, तिचे सबस्क्रायबर दहा कोटींच्या वर गेलेत. डीडी फ्री डिशवर एकदा छत्री बसवली की महिन्याला दमडी न भरता डब सिनेमांच्या अख्ख्या वाहिन्या दिसतात. २०२२ची गोष्ट घ्या. ‘अला वैकुंठपुरमुलो’चा हिंदी डब थिएटरात लागणार होता. त्याचा हिंदी रिमेक बनत होता, म्हणून डबचं प्रदर्शन थांबवलं. कंपनीने काय करावं? ६ फेब्रुवारीला तो सरळ ढिंचॅक वाहिनीवर लावून टाकला. फुकट. पुढच्या वर्षी ‘शहजादा’ नावाने तो रिमेक थिएटरात आला, तोवर मूळ सिनेमा घराघरात तोंडपाठ झाला होता, आणि रिमेक आपटला. चोराच्या नावाने बोटं मोडायचीही सोय नव्हती.

नानांना हे सांगितलं. ते म्हणाले, ‘‘फुकट आहे? मग नक्की काहीतरी कापलेलं असणार.’’ चोरून आणलेलं ते ओरिजिनल आणि मालकाने हाताने दिलेलं ते संशयास्पद, हा न्याय खडकीपुरता आहे की सगळ्या पुण्याचा, याचा अभ्यास व्हायला हवा.

बरं, फुकटातही ओळखता यायला पाहिजे. यूट्यूबवर नवा सिनेमा चोरून चढवणारे लोक यंत्राला फसवायला चित्र उलटं करतात, म्हणजे आरशातलं. शिवाय भोवती फुलांची चौकट आणि आवाज जरा चिरका. वरच्या मजल्यावरच्या मावशींनी असा एक सिनेमा निम्मा बघून मला विचारलं, ‘‘काय रे, ही आई साउथची ना? मग पदर उजव्या खांद्यावर कसा? गुजराथ्यात दिलीये का?’’ मी बघायला गेलो. हिरो डाव्या हाताने जेवत होता, लग्नात नवरीच्या गळ्यात डाव्या हाताने ताळी बांधत होता, आणि मागच्या दुकानाची इंग्रजी पाटी रशियन दिसत होती. मावशींना सिनेमा चोरीचा आहे याचं काही वाटलं नाही. डाव्या हाताने मंगळसूत्र बांधलं याचं फार वाटलं. ‘‘टिकायचं नाही लग्न,’’ त्या म्हणाल्या. नाही टिकलं. खलनायकाने मध्यंतराच्या आधीच पळवून नेली तिला.

कायदा काय झोपलेला नाही. उलट या एका विषयावर तो इतका जागा आहे, की त्याला निद्रानाश झाला असावा. स्वामित्वहक्काचा १९५७चा कायदा आहेच: सहा महिने ते तीन वर्षं कैद, पन्नास हजार ते दोन लाख दंड. २०२३मध्ये सिनेमॅटोग्राफ कायद्यात दुरुस्ती झाली. आता थिएटरात परवानगीशिवाय चित्रण केलं तर तीन महिने ते तीन वर्षं, आणि दंड तीन लाखांपासून सिनेमाच्या निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत. खर्च म्हणजे पोस्टरवर छापलेला नव्हे, हिशेबतपासनिसाने तपासलेला. शंभर कोटींचा सिनेमा असेल तर पाच कोटी. छातीशी मोबाईल धरून बसलेल्या त्या माणसाला हे कुणीतरी मध्यंतरात सांगायला हवं. शिवाय डिजिटल प्रिंटमध्ये डोळ्यांना न दिसणारी खूण पेरलेली असते. चोरीची प्रत हाती आली की कुठल्या थिएटरात, कुठल्या खेळाला ती उचलली, हे काढता येतं. टक्कलवाले गृहस्थ मात्र अजून कुणाच्या नोंदीत नाहीत.

पण माझा आवडता कायदा महाराष्ट्राचा. एमपीडीए म्हणून पेपरात येतो तो. १९८१चा. त्यात ज्यांना वर्षभर स्थानबद्ध करता येतं त्या मंडळींची यादी त्याच्या नावातच आहे: झोपडपट्टी दादा, हातभट्टीवाले, औषधीद्रव्यविषयक गुन्हेगार, धोकादायक व्यक्ती. २००९मध्ये या पंगतीला ‘दृकश्राव्य कलाकृतींचे विनापरवाना प्रदर्शन करणाऱ्या व्यक्ती’, म्हणजे व्हिडिओ पायरेट, यांचं पान मांडलं. मागाहून वाळू तस्कर आणि काळाबाजारवालेही येऊन बसले. मी ही यादी नानांना मोठ्याने वाचून दाखवली. हातभट्टीवाल्यापर्यंत ते समाधानाने मान डोलवत होते. ‘दृकश्राव्य’ आल्यावर मान थांबली. ‘‘हे बघणाऱ्याला नाही, दाखवणाऱ्याला आहे,’’ ते म्हणाले. खरं आहे. मग त्यांनी पेनड्राइव्ह टीव्हीतून काढून देवघरातल्या खणात ठेवला. दुपारी मावशींना सिनेमा दाखवायला बोलावलं होतं.

कोर्टाची तऱ्हा आणखी वेगळी. चोराचं नाव माहीत नाही, पत्ता माहीत नाही, तरी मनाई हुकूम तर मिळवायचा असतो. इंग्लंड-अमेरिकेत अशा बेनाम प्रतिवादीला ‘जॉन डो’ म्हणतात. आपल्याकडे त्याला नाव दिलंय ‘अशोक कुमार’. गंमत नव्हे, वकील मंडळी खरोखर ‘अशोक कुमार आदेश’ म्हणतात. १९४३च्या ‘किस्मत’मध्ये बिचारे नट अशोक कुमार पाकीटमार झाले होते आणि लोकांनी तो सिनेमा कलकत्त्यात तीन वर्षांवर चालवला, तिकीट काढून, हे विशेष. आता देशातला प्रत्येक अनोळखी सिनेमाचोर त्यांच्या नावावर मांडला जातो. दिल्ली उच्च न्यायालयाने २०१९मध्ये आणखी एक सोय केली. बंद केलेली वेबसाइट पत्त्याचं शेपूट बदलून पुन्हा उगवली, तर नवा खटला न करता तीही बंद करता यावी. वेबसाइटवाल्यांनी मग शेपटं साठवून ठेवायला सुरुवात केली.

हा अशोक कुमार लांब कुठे समुद्रापलीकडे असतो, असा आपला समज. ‘छावा’ लागला १४ फेब्रुवारी २०२५ला. संभाजीमहाराजांवरचा सिनेमा, शिवाजी सावंतांच्या कादंबरीवरचा. निघाला हिंदीत, महिन्याच्या आत तेलुगूतही डब होऊन आला. त्याच्या चोरीच्या लिंकांची मोजदाद झाली तेव्हा तक्रारीत आकडा पडला १,८१८. आणि मुंबईच्या सायबर पोलिसांनी अटक केली ती कुठल्या तरुणाला? दौंडच्या. त्याने अॅप बनवून सिनेमा दाखवला, असा आरोप. नाना अस्वस्थ झाले. ‘‘दौंड? आपल्या लोकलला?’’ चोर सायबेरियात असला तर तो तंत्रज्ञान असतो. दौंडात निघाला की शेजारी होतो.

या धंद्याचा हिशोब मांडणारा ईवाय ही सल्लागार कंपनी आणि आयएएमएआय ही इंटरनेट कंपन्यांची संघटना यांचा २०२४चा एक अहवाल आहे. २०२३ सालात देशातली चोरीची उलाढाल २२,४०० कोटी, आणि निम्म्याहून जास्त प्रेक्षक कुठून ना कुठून चोरीचं बघतात. नानांनी आकडा दोनदा विचारला. ‘‘बावीस हजार कोटी? आणि आपण तर पैसेच देत नाही कुणाला!’’ पैसे देत नाही म्हणजे आपण व्यवहारात नाही, हा त्यांचा ठाम विश्वास. चोरीच्या साइटवर सिनेमाच्या बटणाला हात लावला की आधी तीन सट्ट्याच्या जाहिराती उघडतात, एक बाई आपल्याला ओळखत असल्याचं सांगते, आणि मोबाईलला विषाणू झाल्याची बातमी खुद्द विषाणू देतो. तिकिटाचे पैसे वसूल होतात ते तिथे. नानांच्या नातवाने आजोबांच्या फोनमध्ये एक ‘प्लेअर’ उतरवून घेतला होता. महिनाभर नानांच्या नावाने खडकीतल्या निम्म्या लोकांना रम्मी खेळायची निमंत्रणं जात होती. भजनी मंडळात त्यांच्याकडे बघण्याची नजर बदलली.

या रम्मी प्रकरणानंतर घराने कायदेशीर व्हायचं ठरवलं. आणि इथे मला चोरांची नव्हे, सज्जनांची बाजू मांडायचीय, कारण सिनेमा विकणाऱ्यांनी सज्जन माणसाचे जे हाल मांडलेत ते कुठल्या कायद्यात बसत नाहीत. थिएटरात जावं तर पुस्तकासारखं सरळ आहे: डब आवृत्तीला सेन्सॉरचं वेगळं प्रमाणपत्र असतं, सुरुवातीलाच पडद्यावर भाषेपुढे ‘डब’ असं लिहिलेलं दिसतं, बघायचं आणि बसायचं. तिथे फक्त मका परवडत नाही. पण ओटीटीवर एक सिनेमा एका ठिकाणी सापडेल ही अपेक्षाच करू नये. प्रत्येक भाषेचे हक्क वेगळे विकले जातात. ‘आरआरआर’ २०२२च्या मेमध्ये घरी आला तेव्हा हिंदी डब नेटफ्लिक्सवर, आणि मूळ तेलुगूसह दक्षिणेच्या भाषा झी फाइव्हवर. ‘सालार’चंही तेच, हिंदी एकीकडे, बाकीच्या दुसरीकडे. मराठी डब हवा असेल तर विचारूच नका. ‘बाहुबली’ २०२१मध्ये शेमारू मराठीबाणा वाहिनीवर मराठीत बोलला तेव्हा आनंद झाला होता. त्याच्यानंतर मराठीत बोलायला फार कुणाला बोलावलेलं दिसलं नाही. ‘मराठी माणसाला हिंदी कळतं’ हे गणित कुणीतरी मांडून टाकलंय, आणि खडकीच्या हिंदीत बोलायचं तर ‘गलत भी नहीं है’.

म्हणजे सज्जन माणसाने आधी शोधायचं, सिनेमा कुठे आहे. मग शोधायचं, आपल्या भाषेत कुठे आहे. मग तिथली वर्गणी भरायची. वर्गणी भरल्यावर कळतं, की या वर्गणीत जाहिराती आहेत. जाहिराती नकोत तर वरची वर्गणी. रिचार्जबरोबर एक अॅप फुकट मिळालेलं असतं, पण ते फक्त मोबाईलवर दिसतं. मग सहा माणसं एका मोबाईलभोवती डोकी जुळवून बसतात आणि आजी मागून विचारते, ‘‘चालू झालं का?’’ चोराकडे यातलं काही नसतं. एक लिंक, की झालं. सोपेपणात चोर पुढे आहे, आणि त्याला मागे टाकायचं काम पोलिसांचं नाही.

आमच्या इमारतीतला पहिला कायदेशीर प्रयोग एका रविवारी झाला. सिनेमा असाच दुभंगलेला, हिंदी एका अॅपवर, तेलुगू दुसऱ्यावर. नानांच्या घरात हिंदी, आणि भिंतीपलीकडे अण्णांकडे तेलुगू. दोघांनी आठला सुरू करायचं ठरवलं. अण्णांनी आठला केला. नानांकडे ओटीपी जावयाच्या नंबरवर जात होता, आणि जावई पिंपरीत लग्नाच्या पंगतीत वाढत होता. त्याने हात धुऊन आकडे सांगेपर्यंत दहा मिनिटं गेली. मग भाषा बदलायचं बटण सापडेना, त्यामुळे सुरुवातीचा सगळा प्रसंग स्पॅनिशमध्ये झाला, आणि मावशी म्हणाल्या, ‘‘यांचं तेलुगू किती वेगळं वाटतंय.’’

नंतर सगळं सुरळीत झालं. चित्र स्वच्छ, पुढे टक्कल नाही, खाली मटण मसाला नाही. नाना पैसे देऊन बघत असल्याने इतके ताठ बसले होते, की कुणाला मधे बोलू देत नव्हते. आणि भिंतीपलीकडून अण्णांचं घर दहा मिनिटं पुढे. तिकडे शिट्टी वाजली की इकडे कळायचं, आता हिरो येणार. तिकडे अण्णांच्या घरच्या अक्कांनी नाक ओढलं की इकडे मावशी पदर तयार ठेवायच्या. एवढ्यात तिकडून अख्खं घर एकदम किंचाळलं, ‘‘चच्चिपोयाडु!’’

खडकीत एवढं तेलुगू सगळ्यांना येतं. कुणीतरी मेलं होतं.

पण कोण? पडद्यावर सगळे हयात होते. हिरो बहिणीच्या लग्नात नाचत होता, बाप कौतुकाने बघत होता, मित्र जिलबी खात होता. नातू म्हणाला मित्र, तो विनोदी आहे, विनोदी आधी मरतात. सूनबाई म्हणाल्या नवरा मुलगा. मावशी म्हणाल्या, ‘‘हिरोच गेला तर? वर्गणी परत मिळते का?’’ नानांनी सगळ्यांना गप्प केलं, कारण पैसे भरलेत, शांतपणे बघायचं. दोन मिनिटं शांतपणे बघितलं. मग ते स्वतःच उठले, टीव्ही थांबवला आणि भिंतीवर थाप मारली.

‘‘अण्णा! कोण गेलं हो?’’

‘‘बाप गेला, नाना, बाप!’’ भिंतीतून उत्तर आलं. ‘‘तुम्ही बघा निवांत. मित्रानेच मारलाय, पण ते शेवटी कळतं!’’